अडकलेल्या गटात पहिली फूट कशावरून पडते? (एकांकिकेसाठी मदत हवी आहे)

मृण्मयी_सांगली

नमस्कार मंडळी. आमच्या ग्रुपची नवी एकांकिका बसतेय. वादळात भरकटलेली बोट, निर्जन बेट, आठ पात्रं. सर्व्हायव्हल थ्रिलर म्हणा हवं तर. संहिता माझ्याकडे आहे आणि पहिल्या दहा मिनिटांतच माझं घोडं अडलंय.

आमच्या दिग्दर्शकाच्या डोक्यात आलेख पक्का आहे. आधी सगळे एकमेकांना "तुम्ही घ्या, तुम्ही घ्या" करणार, मग खाणं संपणार, मग कोणीतरी सुरी उचलणार. या प्रकारचे सिनेमे आणि कादंबऱ्या बहुतेक याच वाटेने जातात. मला ते पटत नाही. २०१९ च्या पुरात आम्ही शेजारच्या इमारतीच्या गच्चीवर होतो, बरीच बिऱ्हाडं एकत्र. खायला फार नव्हतं. जे होतं ते लोकांनी न सांगता वाटून खाल्लं, आधी पोरं, मग म्हातारी माणसं. आवाज चढले ते बोट दिसल्यावर. आधी कोण उतरणार, आणि त्याहून जास्त, ते ठरवणार कोण. एरवी ज्यांना मी "काका" म्हणते त्या माणसाने एका बाईच्या हातातली पिशवी हिसकून मागे फेकली. त्या वेळी त्यांचं पोट भरलेलं होतं.

म्हणून प्रश्न असा: खरोखर घडलेल्या प्रसंगांमध्ये पहिली फूट कशावरून पडली? खून किती झाले ते नको. पाणी कोणाच्या ताब्यात होतं, कोण कोणाशी हळू आवाजात बोलत होतं, कोण कुठे झोपत होतं, असलं काही हवंय. रंगमंचावर तेच दिसतं.

तांडेल

मृण्मयीताई, तुमचं उत्तर तुमच्या गच्चीवरच आहे. मी उभं आयुष्य व्यापारी जहाजांवर काढलं, चीफ ऑफिसर म्हणून निवृत्त झालो, आता रेवदंड्याला असतो. अडकलेल्या जहाजांच्या हकीकती मी नोकरीत असल्यापासून गोळा करतोय. त्यातली एकच निवडायची तर 'बटाव्हिया' घ्या.

डच ईस्ट इंडिया कंपनीचं नवंकोरं जहाज, पहिलीच सफर. ऑक्टोबर १६२८ मध्ये हॉलंडहून जाव्याला निघालं. खलाशी, सैनिक, कंपनीचे कारकून, काही बायका-मुलं, अशी तीनशेच्या वर माणसं. ४ जून १६२९ ला उजाडायच्या आत ते ऑस्ट्रेलियाच्या पश्चिम किनाऱ्यासमोर, आब्रोल्होस बेटांच्या प्रवाळावर चढलं. चाळीसेक माणसं बुडाली, बाकीची आसपासच्या बेटांवर उतरली. बेटं कसली, प्रवाळाचा चुरा आणि खुरटी झुडपं. प्यायला थेंब नाही.

आता अधिकाराची उतरंड बघा, तुमच्या नाटकाला तीच लागणार आहे. त्या काळी कंपनीच्या जहाजावर कप्तानाच्या वर व्यापारी अधिकारी असे. इथे तो फ्रान्सिस्को पेल्सार्ट. हा जहांगिराच्या काळात आग्र्याला कंपनीचं काम बघत होता, तिथल्या व्यापाराबद्दल आणि लोकांबद्दल त्याने तपशिलाने लिहून ठेवलंय. कप्तान आरियन याकोब्स. दोघांचं सुरतेच्या बंदरापासून वाकडं. जहाज फुटल्यावर पाणी शोधायला म्हणून हे दोघेही मोठी होडी घेऊन निघाले, बरोबर चाळीस-पन्नास माणसं, आणि पाणी मिळेना तेव्हा तसेच थेट जाव्याला गेले. मदत आणायलाच गेले. पण मागे राहिलेल्यांना तोंडाने कोणी काही सांगितलं नाही. पेल्सार्टने एका लहानशा बेटावर पावाच्या पिंपाखाली चिठ्ठी ठेवली आणि निघाला. लोकांनी पुढे त्या बेटाचं नावच 'गद्दारांचं बेट' ठेवलं.

ताई, माझ्या मते पहिली फूट ती. दोनशेहून जास्त माणसं तहानेने व्याकूळ आणि हुद्द्याने मोठे असलेले सगळे न सांगता गेलेले. तहानेने काही माणसं त्या पहिल्या दिवसांत गेली, पण मग पाऊस पडला. हे लक्षात ठेवा: पाऊस पडला, पिंपं भरली, आणि खून त्याच्यानंतर सुरू झाले.

मागे उरलेल्यांत हुद्द्याने वरचा माणूस म्हणजे दुय्यम व्यापारी येरोनिमस कॉर्नेलिस. मूळचा हार्लेमचा औषधविक्या. त्याला पोहता येत नव्हतं, म्हणून तो बरेच दिवस फुटक्या जहाजावरच अडकून होता आणि सगळ्यांच्या नंतर बेटावर आला. लोकांना हायसं वाटलं, कंपनीचा एक तरी साहेब आहे! त्याने सुरुवात अगदी नीट केली. सामान मोजलं, तंबू उभे केले, वाटपाची शिस्त लावली. त्याच ओघात सगळी हत्यारं आणि सगळ्या होड्या-तराफे 'सुरक्षित ठेवायला' आपल्या माणसांकडे घेतले. कोणाला वावगं वाटलं नाही. मग गर्दी कमी करायला म्हणून लोकांना वेगवेगळ्या बेटांवर पाठवलं. विबे हेयस नावाचा एक साधा शिपाई होता, त्याला आणि वीसेक सैनिकांना दूरच्या मोठ्या बेटावर पाणी शोधायला धाडलं, हत्यारं न देता. पाणी मिळालं की धूर करा, न्यायला होडी येईल. कॉर्नेलिसची कल्पना होती की ते तिथे तहानेने मरतील.

त्यांना पाणी मिळालं. त्यांनी धूर केला. तो धूर सगळ्या बेटांवरून दिसत होता, आणि होडी गेली नाही.

तुमच्या जागी मी असतो तर एकांकिका इथून सुरू केली असती. सगळी पात्रं उभी राहून धूर बघताहेत. पाणी मिळालंय हे प्रत्येकाला कळलंय. होडी बांधून ठेवलीय. आणि "जाऊ या का?" हे कोणीच विचारत नाही.

दुसरा प्रसंग त्याच सुमाराचा. एका सैनिकाने दारूच्या पिंपाला भोक पाडून चोरून दारू प्यायली. बेटावर एक पंचमंडळ नेमलेलं होतं. कॉर्नेलिस म्हणाला, याला आणि याच्या साथीदारालाही मारा. पंच चोराला मारायला तयार झाले, साथीदाराला नाही. दुसऱ्याच दिवशी त्याने पंचमंडळ बरखास्त केलं आणि आपली माणसं बसवली. तिथून पुढे अडवणारं कोणी उरलं नाही. आधी रात्रीच्या अंधारात, 'दुसऱ्या बेटावर नेतो' सांगून माणसं समुद्रात ढकलली. नंतर उघड. शंभराहून जास्त माणसं, पोरंबाळं धरून. बायकांचं जे केलं ते इथे लिहीत नाही. त्याचा हिशोब असा होता की आपल्या मुठीत मावतील एवढीच माणसं ठेवायची आणि सुटकेला येणारं जहाज बळकवायचं. हातात हत्यार घेऊन मारणारे बहुतेक तरुण पोरं होती, त्यांच्याकडून त्याने लेखी शपथ घेतली होती.

तिकडे हेयसच्या बेटावर पाणी होतं आणि कांगारूच्या जातीतले छोटे प्राणी होते. जीव वाचवून पोहत किंवा फळकुटावरून आलेले लोक त्याला मिळाले आणि त्यांनी सगळं सांगितलं. मग त्याने काठ्यांना जहाजाचे खिळे ठोकून हत्यारं केली आणि दगडांचा आडोसा रचला. त्या भिंती अजून आहेत. ऑस्ट्रेलियात युरोपियनांनी बांधलेलं सर्वांत जुनं बांधकाम म्हणून ते दाखवतात. तहानेने मरायला टाकलेला तोच गट सर्वांत धडधाकट राहिला आणि त्यांनी २ सप्टेंबरला कॉर्नेलिसलाच पकडलं. पेल्सार्ट 'सार्डम' जहाज घेऊन परत आला तेव्हा हेयस होडी हाणत आधी पोहोचला आणि त्याने सावध केलं, नाहीतर तेही जहाज गेलं असतं. कॉर्नेलिसचे हात तोडून त्याला तिथेच फाशी दिलं.

आता माझं स्वतःचं, थोडक्यात. एका जहाजावर असताना मालकाने हात वर केले. आखातातल्या एका बंदराबाहेर अँकर टाकून आम्ही पडून राहिलो. पगार बंद, डिझेल संपत आलेलं, जनरेटर दिवसातून मोजके तास. मुक्काम लांबला. आमच्याकडे खून वगैरे काही झाला नाही, पण जहाज कुठल्या वळणावर तुटतं ते मला तिथे कळलं. तांदळावरून कोणी भांडलं नाही. भांडण झालं सॅटेलाइट फोनवरून. कॅप्टनसाहेब केबिनचं दार लावून एजंटशी बोलायचे. बाहेर आले की खलाशी त्यांच्या चेहऱ्याकडे बघत. दोन दिवसांत बातमी पसरली की साहेब लोकांसाठी विमानाची तिकिटं आलीत, खलाशांसाठी नाहीत. साफ खोटं होतं. पण त्या रात्री फ्रीजरच्या खोलीचं कुलूप कोणीतरी तोडलं. नेलं काहीच नव्हतं. नुसतं तोडून ठेवलं होतं.

दुसऱ्या दिवशी आमच्या बोसनने, म्हणजे खलाशांच्या मुकादमाने, माझ्याच गावाकडचा माणूस, कॅप्टनना सगळ्यांसमोर सांगितलं: साहेब, फोन मेसरूममध्ये आणा, स्पीकरवर बोला. त्यांनी ऐकलं, त्याबद्दल मी त्यांना आजही मानतो. ऑफिसरांची वेगळी मेस बंद केली, एकच टेबल. गोड्या पाण्याच्या टाकीचं साउंडिंग, म्हणजे पाणी किती उरलंय याचं माप, रोज सकाळी एक ऑफिसर आणि एक खलाशी मिळून घ्यायचे आणि आकडा मेसरूमच्या फळ्यावर लिहायचे. आकडा रोज खाली जायचा. पण तो सगळ्यांना दिसायचा. तांदूळ कुक सगळ्यांसमोर काट्यावर तोलायचा. कुलूप पुन्हा लावलंच नाही.

तर भूक लागल्याने गट फुटत नाही, असं माझं ठाम मत आहे. वाटप आणि बातमी, दोन्ही डोळ्यांआड गेली की फुटतो.

रेवती_ड्युनेडिन

तांडेलकाका, अंगावर काटा आला वाचताना. मृण्मयी, मी न्यूझीलंडच्या दक्षिण टोकाकडे राहते. आमच्या या बाजूची एक जोडगोष्ट आहे, ती तुला नक्की उपयोगी पडेल.

ऑकलंड बेटं. ऑकलंड शहराशी काही संबंध नाही. ही बेटं इथून खाली, अंटार्क्टिकाच्या दिशेने साडेचारशेहून जास्त किलोमीटरवर. सतत वारा, पाऊस, थंडी, उन्हाळ्यात चावऱ्या माश्या. माणूस राहत नाही. १८६४ साली एकाच बेटावर दोन जहाजं फुटली. 'ग्राफ्टन' जानेवारीत दक्षिण टोकाला, 'इन्व्हरकॉल्ड' मे महिन्यात उत्तरेकडे. कित्येक महिने दोन्हीकडची माणसं एकाच वेळी तिथे होती आणि एकमेकांचा पत्ता नव्हता.

ग्राफ्टनवर पाच जण. कप्तान मस्ग्रेव्ह, त्याचा फ्रेंच साथीदार रेनाल, एक नॉर्वेजियन, एक इंग्रज, एक पोर्तुगीज स्वयंपाकी. जहाज फुटलं तेव्हा रेनाल इतका आजारी होता की उभं राहता येत नव्हतं. चौघांनी त्याला किनाऱ्यावर आणलं आणि त्याची सेवा केली. तो बरा झाला आणि त्याच्याच हातगुणावर सगळे जगले. झोपडी त्याच्या देखरेखीखाली झाली, त्याने भाता करून लोहारकाम सुरू केलं, सीलचं तेल आणि राख वापरून साबण केला. दर आठवड्याला कपडे आणि अंग धुवायचं, हा नियम.

आणि तुझ्या प्रश्नाला नेमकं लागू पडेल असं पुढे आहे. थोड्या दिवसांनी कुरबुरी वाढल्या, कोणी उलट बोलायला लागलं. तेव्हा रेनालने सुचवलं की आपण आपला कुटुंबप्रमुख निवडू या. जहाज गेलं म्हणजे कप्तानकीही गेली, आता मत देऊन ठरवायचं. सगळ्यांनी मस्ग्रेव्हलाच निवडलं. पण अटी लिहून काढल्या: त्याने सौम्यपणे पण ठामपणे वागायचं, भांडणं मिटवायची, आणि त्याने अधिकाराचा गैरवापर केला तर बाकीचे त्याला काढून दुसरा निवडतील. हे सगळं मस्ग्रेव्हच्या बायबलच्या कोऱ्या पानांवर लिहिलं आणि दर रविवारी प्रार्थनेच्या आधी मोठ्याने वाचायचे. स्वयंपाकाची आठवड्याची पाळी, प्रमुखाला तेवढी सूट. रात्री शाळा भरायची. ज्याला वाचता येत नव्हतं तो वाचायला शिकला, बाकीचे एकमेकांच्या भाषा शिकले. आज शिकवणारा उद्या विद्यार्थी.

रेनालने पत्तेसुद्धा केले होते. मस्ग्रेव्हला हरलेलं सोसायचं नाही, वाद व्हायला लागले. रेनालने पत्ते आगीत टाकले. मला हा प्रसंग फार आवडतो. खून नाही, रक्त नाही, पण एक माणूस स्वतःच्या हाताने केलेली वस्तू जाळतो, कारण त्याला दिसतं की हे कुठे जाणार आहे. रंगमंचावर किती छान दिसेल!

दीड वर्ष उलटून गेल्यावर त्यांनी जहाजाची लहान होडी वाढवून बांधली, तिघे त्यातून न्यूझीलंडच्या स्ट्यूअर्ट बेटापर्यंत पोहोचले आणि मस्ग्रेव्ह परत जाऊन मागच्या दोघांना घेऊन आला. पाचही वाचले.

इन्व्हरकॉल्डवर पंचवीस माणसं. एकोणीस किनाऱ्याला लागली. वर्षभराने तीन उरली: कप्तान, मेट म्हणजे त्याच्या हाताखालचा अधिकारी, आणि होल्डिंग नावाचा एक खलाशी. तिथे कप्तान कप्तानच राहिला, म्हणजे हुद्द्यापुरता. लाकडं आणायची, शिंपले गोळा करायचे, ते खालच्यांनी. पुढाकार त्याने घेतला नाही आणि दुसऱ्याने घेतलेला फारसा रुचला नाही. गट फुटत गेले, अशक्त झालेल्यांना मागे टाकून बाकीचे पुढे जात राहिले. एका प्रसंगी मेलेल्या साथीदाराचं मांस खाल्लं गेलं. शेवटी एक गळकं पोर्तुगीज जहाज आसऱ्याला आलं, म्हणून तिघे सुटले.

अभय_न

दोन्ही प्रतिसाद उत्तम, पण मला थोडं अडवू द्या. रेवतीताई, ही तुलना सरळ नाही. ग्राफ्टन किनाऱ्याजवळच पडून होतं. फळ्या, शिडाचं कापड, अवजारं, बंदूक, थोडा शिधा, सगळं त्यांना आणता आलं. इन्व्हरकॉल्ड कड्याखाली चक्काचूर झालं. किनाऱ्यावर आलेल्यांकडे किलोभर बिस्किटं, तितकंच खारवलेलं डुकराचं मांस आणि काड्यापेटी, एवढंच. बरेच जण अनवाणी. आणि मे म्हणजे तिकडे हिवाळा तोंडावर. पाच माणसं सीलवर जगू शकतात, एकोणीस जगतीलच असं नाही. अशा वेळी "नियम लिहिले म्हणून वाचले" म्हणणं मेलेल्या सोळा जणांवर अन्याय आहे. उपाशी, भिजलेल्या, अनवाणी माणसाला निवडणूक घ्यायची ताकद कुठून येणार?

मृण्मयी, भूक पूर्ण काढून टाकू नकोस संहितेतून. प्रेक्षकाला ती पोटात कळली पाहिजे.

रेवती_ड्युनेडिन

अभय, मुद्दा मान्य. अवजारांचा फरक फार मोठा होता. पण एक सांगते. होल्डिंग त्याच बेटावर, त्याच बिस्किटांवर, त्याच थंडीत होता, आणि तो नव्या जागा धुंडाळत होता, खायला काय मिळतं ते शोधत होता. शिकायला तयार असलेला माणूस त्या गटात होता. त्याचं ऐकायची पद्धत नव्हती.

तांडेल

अभयराव, तुम्ही बरोबर जागी बोट ठेवलंत. भूक माणसाला मारते, त्यात शंकाच नाही. माझं म्हणणं वेगळं आहे: भूक माणसाला एकमेकांवर घालते का? त्यासाठी 'मेड्यूझ' बघा.

फ्रेंच नौदलाची फ्रिगेट, म्हणजे युद्धनौका, सेनेगलला निघालेली. कप्तान शोमारे वीसेक वर्षं समुद्रावर गेलेला नव्हता, वशिल्याने नेमलेला. जुलै १८१६ च्या सुरुवातीला आफ्रिकेच्या पश्चिम किनाऱ्याजवळ आर्गँच्या उथळ पाण्यात त्याने जहाज रुतवलं. होड्या पुरेनात म्हणून तराफा बांधला. त्यावर दीडशेच्या आसपास माणसं, बहुतेक सैनिक आणि खलाशी. होड्यांत सेनेगलचा नवा गव्हर्नर, कप्तान, अधिकारी. ठरलेलं असं की होड्या तराफा ओढत नेतील. थोडं अंतर गेल्यावर होड्यांनी दोर सोडले आणि निघून गेल्या. तराफ्यावर पाणी नावाला, दारूची पिंपं भरपूर, बिस्किटं एका दिवसात संपलेली.

मारामारी कधी झाली? दुसऱ्याच रात्री. माणूस दोन दिवसांत उपासमारीने वेडा होत नाही. अंगाखाली तराफा बुडत होता, मधली जागा सुरक्षित होती आणि ती अधिकाऱ्यांनी धरली होती, कडेचे लोक लाटांनी वाहून जात होते. दारू प्यालेल्या सैनिकांनी तराफ्याचे दोर कापायला घेतले. त्या रात्री कित्येक डझन माणसं मेली. पुढे माणसाचं मांस खाल्लं, अशक्त झालेल्यांना समुद्रात टाकलं, कारण दारूचा वाटा कमी पडत होता. तेरा दिवसांनी पंधरा जण जिवंत सापडले.

दोर सोडलेला दिसला, तिथे त्यांचं काहीतरी संपलं. जो दोर धरून आहे तो आपलाच माणूस आहे, या विश्वासावर तराफ्यावरचा माणूस तहान सोसतो. आम्ही आखातात पडलो होतो तेव्हा कॅप्टन बोटीने किनाऱ्याला जाऊन परत आले नसते तर काय झालं असतं, याचा विचार मी अनेक रात्री केलाय. ते दर वेळी परत आले. शेवटच्या खेपेला त्यांना किनाऱ्यावर राहायची सोय मिळत होती, तरी आले.

आणखी एक, मृण्मयीताई. कॉर्नेलिसला पहिल्या प्रवेशात खलनायक करू नका. तो आला तेव्हा लोकांना खरंच आधार वाटला होता. बोलायला गोड, शिकलेला, धीर देणारा. प्रेक्षकालाही तो आधी आवडला पाहिजे. हत्यारं गोळा करायची सूचना त्याने मांडली की प्रेक्षकाने मनात म्हणायला हवं, बरोबर आहे, हत्यारं एका जागी असलेली बरी.

अभय_न

दोर सोडण्याचा मुद्दा पटला. तरी भूक ठेवा हो!

मृण्मयी_सांगली

तुम्हा तिघांचे किती आभार मानू. कालच्या तालमीत मी हे सगळं वाचून दाखवलं, दिग्दर्शकासकट सगळे गप्प बसून ऐकत होते.

ठरलंय ते सांगते. आलेख बदलला. नाटक पावसाने सुरू होईल: पाणी मिळालंय, पिंप भरलंय, सगळे आनंदात. भूक राहील, अभयदादा, पण मागे, पोटातल्या आवाजासारखी सतत. दुसऱ्या बेटावर गेलेल्या तिघांचा धूर दिसेल. धूर रंगमंचावर दाखवता येणार नाही, म्हणून तो फक्त आठ जणांच्या नजरेतून दिसेल, सगळे प्रेक्षकांच्या डोक्यावरून मागे बघतील. रेनालचे पत्तेही ठेवतेय, फक्त आमच्या नाटकात ते जाळायला कोणी पुढे होत नाही.

गच्चीवरचे काकाही येणार आहेत. आधी त्यांना मी वाईट माणूस म्हणून लिहिलं होतं. आता ते असे आहेत की पहिल्या दिवशी सगळ्यांच्या आधी स्वतःची पाण्याची बाटली पुढे करतात. होडीची जबाबदारी लोक विश्वासाने त्यांच्याकडे देतात.

तांडेलकाका, एक विचारायचं राहिलं. पंचमंडळाच्या प्रसंगात नकार देणारी माणसं कशी बोलली असतील? मला तिथे भाषणबाजी नकोय. तुमचे बोसन कॅप्टनना सगळ्यांसमोर बोलले तेव्हा त्यांचा आवाज कसा होता? उभे होते की बसलेले?

तांडेल

उभा होता. हातात ताट होतं, जेवणाच्या रांगेत होता. आवाज चढवला नाही, "साहेब" म्हणाला, आणि बोलून झाल्यावर रांगेतून हलला नाही. मागचे सगळे त्याच्यामुळे खोळंबले होते, तरी कोणी त्याला पुढे हो म्हणालं नाही. कॅप्टन उत्तर देईपर्यंत तो तसाच ताट धरून उभा होता. ते ताट रिकामं ठेवा, वाढायच्या आधीचं.

तालीम कुठे असते ते व्यनि (व्यक्तिगत निरोप) करा. रेवदंड्याहून यायला वेळ लागेल, पण येतो.